भावाच्या मृत्यूची नुसती एडी (अकस्मात मृत्यूची नोंद), आठ महिने झाले तपास नाही, आता कोर्टात जाता येईल का?

ताई, तुम्ही लिहिलंय की भाऊ नाशिककडे एमआयडीसीत कामाला होता, आठ महिन्यांपूर्वी रूमपासून लांब एका शेतातल्या विहिरीत त्याची बॉडी सापडली, पोलिसांनी पाय घसरून पडला असं धरून एडी नोंदवली, मोबाईल अजून मिळालेला नाही आणि वडील परभणीहून भाडं खर्चून जातात तर दर वेळी "तपास चालू आहे, व्हिसेराचा (तपासणीसाठी काढलेल्या अवयवांच्या नमुन्यांचा) रिपोर्ट येऊ द्या" एवढंच ऐकून परत येतात. आता कोणी म्हणतंय डायरेक्ट हायकोर्टात जा, सीबीआय मागा. एवढ्यात तसं करू नका.

मुळात एडी म्हणजे गुन्ह्याचा तपास नव्हेच. बीएनएसएस म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 194 खाली (जुन्या सीआरपीसीचं 174) पोलीस फक्त मृत्यू कशाने झाला तेवढं बघतात, त्यात आरोपीही नसतो आणि चार्जशीटही नसते, म्हणजे ते तपास चालू आहे म्हणतात तेव्हा कायद्याने तपास सुरूच झालेला नसतो. तुम्हाला आधी एफआयआर हवाय.

तुमच्याकडच्या पीएम (पोस्टमॉर्टेम) रिपोर्टात डोक्याच्या मागे जखम आहे, तिच्यापुढे "मृत्यूपूर्व" लिहिलंय आणि मृत्यूच्या कारणाबद्दल मत राखून ठेवलंय. पडताना कठड्यावर डोकं आपटलं असेल असं पोलीस म्हणतील, आणि तसं झालेलं असूही शकतं, पण ते तपासातच ठरायला हवं ना, त्यासाठी एफआयआर अडवून कसं चालेल? दखलपात्र गुन्हा (ज्यात पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात) दिसत असेल तर एफआयआर घ्यावाच लागतो असं सुप्रीम कोर्टाने 2013 मध्येच ललिता कुमारी प्रकरणात सांगून ठेवलंय.

तर आधी पोलीस स्टेशनला लेखी तक्रार द्या, पोच घ्या. घेतली नाही तर तीच पोस्टाने एसपींना पाठवा, कलम 173(4) खाली, पोस्टाची पावती जपून ठेवा. तरी हललं नाही तर त्या तालुक्याच्या जेएमएफसी (प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी) कोर्टात 175(3) खाली अर्ज, सोबत अ‍ॅफिडेव्हिट लागतंच. मॅजिस्ट्रेट पोलिसांचंही म्हणणं मागवतील, घाबरू नका, उलट आठ महिन्यांत काय केलं ते त्यांना तिथे लिहून द्यावं लागेल. तपास नीट होतोय का यावर मॅजिस्ट्रेट लक्ष ठेवू शकतात हे साकिरी वासू निकालात (2008) स्पष्ट आहे, म्हणूनच हायकोर्ट बहुतेक वेळा आधी तिकडेच जायला सांगतं.

मला खरी काळजी पुराव्याची आहे. सीसीटीव्ही फुटेज काही आठवड्यांत पुसलं जातं, ते बहुतेक गेलंच असेल, पण भावाच्या नंबरचा सीडीआर (कॉलच्या नोंदी) आणि टॉवर लोकेशन अजून मिळू शकतं, कंपन्या तेही कायमचं ठेवत नाहीत. म्हणून ते लगेच मागवून जपून ठेवावं अशी वेगळी मागणी अर्जात घालाच. अंत्यसंस्कार झालेत, दुसरं पीएम आता शक्य नाही, त्यामुळे इन्क्वेस्ट पंचनामा (बॉडी सापडल्यावर पोलिसांनी केलेला), पीएमच्या वेळचे फोटो, व्हिसेरा लॅबला कधी पाठवला त्याचं पत्र, या सगळ्याच्या नकला मागा. व्हिसेरा पाठवलाच नाही असंही निघतं कधीकधी. दुसऱ्या पीएमने किती फरक पडतो ते गोव्यात दिसलं, 2008 मध्ये हणजुणे किनाऱ्यावर ब्रिटिश मुलगी मेली तेव्हा पोलीस आधी बुडाली म्हणत होते, आईने पिच्छा सोडला नाही, दुसऱ्या पीएममध्ये जखमा निघाल्या, तपास सीबीआयकडे गेला आणि खालच्या कोर्टात आरोपी सुटले तरी 2019 मध्ये हायकोर्टाने एकाला शिक्षा दिली.

मॅजिस्ट्रेटनी अर्ज फेटाळला, किंवा एफआयआर होऊनही पोलीस ढिम्म राहिले, तर मुंबई हायकोर्टात रिट करून एसआयटी (विशेष तपास पथक) किंवा सीआयडी मागता येते. सीबीआयचा आदेश हायकोर्ट राज्याची परवानगी नसतानाही देऊ शकतं, पण क्वचित देतं.

उशीर झाला म्हणून हक्क गेला असं मात्र नाही, खुनाच्या गुन्ह्याला मुदतीची अट नाही. आणि वकिलाच्या फीचं म्हणाल तर अर्ज वडिलांऐवजी तुमच्या नावाने करा, स्त्रियांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, त्यात उत्पन्नही बघत नाहीत. परभणीच्या जिल्हा कोर्टात त्यांचं ऑफिस आहे, पीएम रिपोर्ट आणि एडीचा नंबर घेऊन याच आठवड्यात जाऊन या.