माथेरानच्या गाडीवर पहिला माहितीपट करताय? मग एवढं करा

पहिली फिल्म आणि विषय नेरळ-माथेरान, छान निवडलंत! 1907 सालची ही दोन फुटी रुळांची वाट जेमतेम 21 किलोमीटरची, नवख्याला झेपणारी.

पहिली फेरी कॅमेरा न काढता करा. जुम्मापट्टी, वॉटर पाइप, अमन लॉज ही वाटेतली स्टेशनं; कुठे ऊन कुठल्या बाजूला येतं ते वहीत टिपा.

नवे लोक नुसतं इंजिन टिपत बसतात. तुम्ही गाडीवरच्या माणसांचे हात टिपा: काम करताना ते कसे चालतात ते. वळणावर चाकं कुरकुरतात, तो आवाज वेगळा रेकॉर्ड करा. नंतर मिळत नाही.

रेल्वेची लेखी परवानगी आधी. दारात लटकून शूटिंग अजिबात नको. ड्रोन, लेन्स वगैरे नंतर बघू.