सांगोल्यासारख्या दुष्काळी तालुक्यातून गणपतराव देशमुख अकरा वेळा आमदार कसे झाले? केवळ साधेपणामुळे का?

नाही. सांगोला तालुक्यात वाढलेला माणूस म्हणून मला या 'साधेपणा'च्या उत्तराचा मनापासून वीट आला आहे. आबासाहेब, म्हणजे गणपतराव, एस.टी.ने फिरत, हे खरेच आहे, पण एस.टी.ने तर आमचा सगळा तालुकाच फिरत होता, म्हणून कोणी कोणाला मत दिले नाही.

आमच्या वस्तीजवळ रोजगार हमीतून पाझर तलावाचे काम चालू असताना मजुरांची मजुरी रखडली होती. माझे वडील त्या कामावर मुकादम होते. चार माणसांना घेऊन ते आबासाहेबांकडे गेले, तेव्हा शाळकरी वयाचा मीही बरोबर होतो. वडिलांची अपेक्षा अशी होती की, आमदार संबंधित अधिकाऱ्याला फोन लावतील, त्याला चार शब्द सुनावतील आणि काम होईल. आबासाहेबांनी मात्र आधी हजेरीपटाच्या, म्हणजे मजुरांच्या रोजच्या हजेरीच्या नोंदीच्या, नकला मागून घेतल्या, त्या टेबलावर पसरल्या आणि एकेका आठवड्यावर बोट ठेवत तारखा तपासल्या. एका आठवड्याच्या कामाचे मोजमापच नोंदलेले नाही, हे त्यांच्या लक्षात आले. त्यांनी कार्यालयाला स्वतःच्या हाताने पत्र लिहिले आणि मजुरांनाही प्रत्येकाच्या नावाचा वेगळा अर्ज द्यायला सांगितले. पुढे मजुरी मिळाली, तीही सगळ्यांना, आणि कोणाच्या मेहेरबानीने नव्हे.

यावरून आमच्या घरात माझ्या मामांशी जो वाद सुरू झाला, तो अजून मिटलेला नाही. ज्याला एक फोन करता येत नाही तो आमदार कसला, असे मामांचे म्हणणे. माझे म्हणणे असे की, फोनवर झालेले काम ओळखीच्या माणसापुरते असते, पण कागदावर मिळवलेला हक्क पुढच्या मजुरालाही उपयोगी पडतो. मजूर आणि कोरडवाहू शेतकरी यांना हा फरक कळत होता, म्हणूनच १९६२ पासून २०१४ पर्यंत त्यांनी शेतकरी कामगार पक्षाच्या या माणसाला पुन्हा पुन्हा विधानसभेत पाठवले.

मामांचा दुसरा मुद्दा पाण्याचा. इतकी वर्षे आमदारकी असून तालुका तहानलेलाच राहिला, असे ते आजही म्हणतात. परंतु कृष्णेचे पाणी उपसा करून माणदेशात आणणे हे एका आमदाराच्या हातातले काम नव्हते. १९७८ चे शरद पवारांचे पुलोद (पुरोगामी लोकशाही दल) सरकार आणि १९९९ नंतरचा थोडा काळ सोडला, तर ते कायम विरोधी बाकांवर होते. स्वातंत्र्यसैनिक नागनाथअण्णा नायकवडी यांच्यासह त्यांनी आटपाडीच्या पाणी परिषदेतून टेंभू या कृष्णेच्या उपसा सिंचन योजनेचा प्रश्न वर्षानुवर्षे धगधगता ठेवला, म्हणून तर ती योजना कोणाला गुंडाळता आली नाही. सहकारी सूतगिरण्या एकामागून एक बंद पडत असताना सांगोल्याची सूतगिरणी चालत राहिली, हे मामा सोयीस्करपणे विसरतात.

ते अजिंक्य मात्र नव्हते. १९७२ मध्ये ते पडले आणि १९७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले. १९९५ मध्ये तर दोनशेच्या आतल्या मतफरकाने हरले. अकरा विजय हा देशातला विक्रम असल्याचेही सरसकट लिहिले जाते, ते बरोबर नाही, केरळचे के. एम. मणी पाला मतदारसंघातून तेरा वेळा निवडून आले होते.

आपण स्वतः राजकारणात उतरणार असाल, तर एस.टी.तला फोटो काढण्याआधी आपल्या गावच्या कामांचे हजेरीपट आणि मोजमापे वाचायला शिका. माझ्या मामांसारख्यांना ते पटणार नाही. एक मात्र मामांचे मान्य करायला हवे: आबासाहेबांचा पक्ष सांगोल्यात त्यांच्या नावाभोवतीच राहिला, दुसरी फळी उभी झाली नाही, आणि त्यांनी २०१९ मध्ये थांबायचे ठरवले तेव्हा उमेदवारी नातवाकडेच गेली. तो नातू त्या वेळी थोडक्यात हरला. २०२४ मध्ये दुसऱ्या नातवाने ती जागा परत मिळवली.