मांजर चढतं, मग उतरत का नाही?

प्रश्न: आमच्या वाड्यातलं मांजर पारव्यामागे आंब्यावर सरसर चढतं आणि मग उतरताच येत नाही, रात्रभर ओरडत बसतं, मागच्या महिन्यात शेवटी फायर ब्रिगेडला बोलवावं लागलं. मुलगी विचारते, जंगलातली मांजरं मग काय करत असतील?
– एक वाचक, सदाशिव पेठ, पुणे

उत्तर: मुलीचा प्रश्न मला फार आवडला. मांजराची नखं गळासारखी मागे वळलेली असतात, चढताना ती सालीत रुततात आणि अंगाचं वजन पेलतात, पण डोकं खाली करून उतरायला गेलं की तीच नखं सुटतात, म्हणून त्याला पाठमोरं घसरत यावं लागतं आणि घाबरलेल्या मांजराला ते पटकन सुचत नाही.

आता खार बघा, ती डोकं खाली करून आरामात उतरते, कारण तिचे मागचे पाय घोट्यात उलटे फिरतात आणि नखं वरच्या बाजूला अडकून राहतात. भीमाशंकरला शेकरू दिसलं तर त्याचे मागचे पाय नक्की बघा. अगदी हीच सोय मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या जंगलातल्या मार्गे नावाच्या छोट्या मांजराकडे आहे! त्याचा घोटा जवळपास १८० अंशात फिरतो, एका मागच्या पायावर ते फांदीला लटकू शकतं, आणि तोल सांभाळायला लांबलचक शेपूट. आपल्या ईशान्य भारतातला क्लाउडेड लेपर्ड, म्हणजे ढगांसारखे डाग असलेला, बिबट्याहून लहान असा मार्जारकुळातला प्राणी, तोसुद्धा असाच सरळ डोकं खाली करून खोडावरून उतरतो. जिथे जमिनीवर वाघ आणि बिबट्या फिरतात तिथे लहान जनावराला झाडावर असं वावरता येणं म्हणजे जीव वाचणं, शिवाय पक्षी वरच मिळतात.

आपल्या सह्याद्रीतही एक छोटं रानमांजर आहे, वाघाटी. जगातल्या सगळ्यात लहान रानमांजरांपैकी एक, वजन साधारण दीड किलोपर्यंत, म्हणजे घरच्या मांजरापेक्षाही कमी, आणि झाडावर मस्त चढतं. जंगल सोडून ते जुन्नरकडच्या उसातही राहायला लागलंय, तिथे लपायला जागा आणि खायला उंदीर दोन्ही आहे. ऊसतोडणीत त्याची ठिपकेदार पिल्लं सापडली की लोकांना बिबट्याचीच वाटतात आणि उचलून नेतात. असं करू नका, आई बहुतेक जवळपासच असते, पिल्लं आहेत तिथेच ठेवून १९२६ वर वनविभागाला फोन करा.