ॲब्सर्ड नाटक टीव्हीसाठी करताना काय सांभाळावं?

ॲब्सर्ड म्हणजे सरळ गोष्ट न सांगता जगण्यातला निरर्थकपणा दाखवणारं नाटक. त्यात आधी क्लोजअपचा मोह आवरा. १९६१ मध्ये बीबीसीने 'वेटिंग फॉर गोदो' हे नाटक टीव्हीवर केलं, ते त्याचा लेखक सॅम्युएल बेकेटला रुचलं नव्हतं. मोठ्या मोकळ्या जागेत अडकलेली छोटी माणसं या डब्यात फार मोठी दिसतात, ही त्याची तक्रार.

सांगलीत आम्ही एका ॲब्सर्ड एकांकिकेचं शूटिंग केलं तेव्हा हेच झालं. स्टेजवर कोपऱ्यात बसून दोरीची गाठ सोडवणारा माणूस केविलवाणा वाटायचा. क्लोजअपमध्ये घामाने ओघळलेला मेकअप तेवढा दिसला! मग कॅमेरा लांब नेऊन ट्रायपॉडवर ठेवला, हलवलाच नाही.

आणि संवादांमधली शांतता कापू नका. एडिटरचे हात शिवशिवतातच. भावे नाट्यमंदिरात त्या शांततेत कुणीतरी हमखास खोकतं, हसतं. घरच्या टीव्हीसमोर ते नसतं, म्हणून ती लांबलेली वाटते. तरी राहू द्या.