ईमला पहिल्यांदा जाताय? मग घाई नको

आधी उच्चार: इंग्लंडच्या डर्बीशर परगण्यातल्या या गावाला ‘ईम’ म्हणतात, स्पेलिंग बघून ‘एयाम’ म्हणू नका.

बहुतेक जण चर्चचे फोटो काढून परततात. चर्च बघाच, आवारातला आठव्या शतकाच्या आसपासचा दगडी क्रॉस तर चुकवू नका. पण खरा इतिहास गावाबाहेर आहे. 1665 मध्ये लंडनहून आलेल्या कापडातल्या पिसवांनी शिंप्याच्या घरात प्लेग आणला, असं मानतात. पुढच्या वर्षी धर्मगुरू विल्यम मॉम्पेसन आणि थॉमस स्टॅन्ली यांनी रोग बाहेर पसरू नये म्हणून गावकऱ्यांना वेशीबाहेर न जाण्यासाठी राजी केलं. शेजारच्या स्टोनी मिडल्टन गावाच्या वाटेवर सीमेचा दगड लागतो. त्याच्या खळग्यांत नाणी निर्जंतुक व्हावीत म्हणून व्हिनेगर घालून ती ठेवायची, शेजारच्या गावांनी धान्य ठेवून जायचं, असा व्यवहार.

तिथून रायली ग्रेव्ह्जकडे जा. एलिझाबेथ हॅनकॉकने ऑगस्ट 1666 मध्ये आठ दिवसांत नवरा आणि सहा मुलं स्वतःच्या हातांनी पुरली, ती ही जागा. मी तिथे कॅमेरा बाहेर काढत नाही.

ईम हॉल, म्हणजे गावातला जुना वाडा, वेळ उरला तरच. बूट मात्र चिखलात चालणारे घाला.