पाचशे शब्द पाठ करू नकोस, एका कंटेनरच्या मागे मागे जा

तू लिहिलंयस की बीकॉमचं शेवटचं वर्ष आहे, शिपिंगच्या डॉक्युमेंटेशनमध्ये नोकरी करायचीय, म्हणून नेटवरून पाचशे शब्दांची यादी उतरवून घेतलीस, रोज वीस पाठ करतेस आणि चार दिवसांनी पहिले वीस साफ विसरलेले असतात. 'सर, हे फील्ड माझ्यासाठी नाहीच का?'

अगं, तुझ्या डोक्यात काही खोट नाही, यादीच चुकीची लावलीय. एबीसीडीने लावलं की बर्थच्या शेजारी बिल ऑफ लेडिंग येतं, आता एक म्हणजे जहाज धक्क्याला लावायची जागा आणि दुसरं म्हणजे कागद, दोघांचा संबंधच काय, मग लक्षात राहणार कसं?

त्यापेक्षा एक कंटेनर घे. वीस फुटी घे, म्हणजे 1 टीईयू (कंटेनर मोजायचं माप), चाळीस फुटी असता तर 2 मोजले असते. माल पाठवणारा तो शिपर, ज्याच्या नावाने चाललाय तो कन्साइनी, जहाज पोचल्यावर ज्याला कळवायचं तो नोटिफाय पार्टी. कंटेनर जहाजावर चढला की बिल ऑफ लेडिंग निघतं, सगळे बीएलच म्हणतात, आणि तुझी सगळी नोकरी या एका कागदाभोवती फिरणार आहे म्हणून इथे घाई करू नकोस. तो माल मिळाल्याची पावती आहे, वाहतुकीच्या कराराचा पुरावा आहे आणि मालावरच्या हक्काचा कागदसुद्धा आहे. ओरिजिनल सहसा तीन निघतात. खोकी फुटलेली दिसली आणि तसा शेरा पडला की बीएल 'क्लीन' राहत नाही, मग लेटर ऑफ क्रेडिटवर, म्हणजे कागद बरोबर असले तर पैसे देऊ या हमीवर, पैसे देणारी बँक अडून बसते. म्हणजे 'क्लीन' हा एक शब्द कुणाचे तरी पैसे अडवतो!

प्रत्येक शब्दाला हाच प्रश्न विचार, इथे चूक झाली तर भुर्दंड कुणाला? सीआयएफ बघ, म्हणजे किमतीतच विमा आणि भाडं धरलेला सौदा. विकणारा भाडं आणि विमा मुक्कामाच्या बंदरापर्यंत भरतो, त्यामुळे सगळ्यांना वाटतं की जोखीमही तिथपर्यंत त्याचीच, पण नाही, माल चढवायच्या बंदरात जहाजावर चढला की जोखीम घेणाऱ्याकडे गेली, अगदी एफओबीसारखीच, ज्यात विकणारा माल जहाजावर चढवून मोकळा होतो. खर्च आणि जोखीम कुणाची हे ठरवणाऱ्या आंतरराष्ट्रीय अटी म्हणजे इनकोटर्म्स, त्यांच्या 2020 च्या यादीतल्या 11 अटींपैकी या दोन आधी पक्क्या कर, बाकीच्या मागून येतील.

एकाच शब्दाचे दोन अर्थ असतात तिथे मात्र जपून. कंटेनर फ्री टाइम, म्हणजे फुकट ठेवायची मुदत, संपल्यावरही बंदरातल्या टर्मिनलवर पडून राहिला की लागतो तो आकार डेमरेज, बाहेर नेलेला रिकामा परत द्यायला उशीर झाला की डिटेन्शन, पण अख्खं जहाज भाड्याने घेतलं असेल तर ठरलेल्या वेळेत माल चढवला-उतरवला नाही म्हणून जहाजमालकाला देतात तेही डेमरेजच. ड्राफ्ट म्हणजे जहाज पाण्यात किती खोल बसलंय ते, आणि तपासायला पाठवलेला कच्चा बीएलसुद्धा. पोर्ट म्हणजे बंदर आणि पोर्ट म्हणजे जहाजाची डावी बाजू, तिचा दिवा लाल, उजवी ती स्टारबोर्ड, तिचा हिरवा. डाव्या बाजूला पूर्वी लारबोर्ड म्हणायचे, वाऱ्यात ओरडून सांगताना स्टारबोर्डशी गल्लत व्हायची म्हणून ब्रिटिश नौदलाने 1844 मध्ये तो शब्दच बदलला. आणि ग्रॉस टनेज हे वजन नव्हे, जहाजाच्या आतल्या जागेचं माप आहे, जहाज किती वजन वाहून नेऊ शकतं ते विचारलं तर डेडवेट. यात भलेभले चुकतात.

इंग्रजी कच्चं आहे असंही लिहिलंयस. समुद्रावरची माणसं ठिकठिकाणची असतात, म्हणून त्यांच्यासाठी आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेने 2001 मध्ये ठरावीक सोपी वाक्यंच मंजूर केली. ऑफिसातही फुलोऱ्याचं इंग्रजी कुणी मागत नाही, नावाचं स्पेलिंग आणि कंटेनर नंबर अचूक हवा, चार अक्षरं आणि सात आकडे, त्यातला शेवटचा आकडा आधीचं बरोबर लिहिलंय का ते तपासायलाच असतो.

आता असं कर, कोरा बीएल फॉर्म डाउनलोड कर आणि मनाने एक माल ठरवून सगळे रकाने भर. अडलीस तिथला शब्द वहीत घे, तेवढेच शब्द. भरलेला फॉर्म मला पाठव, चुका खुणा करून परत देतो.