पेशवेपद भट घराण्यात वंशपरंपरेने आले, की प्रत्येक पेशवा छत्रपतींनी नेमला?

आपण विचारले आहे की पेशवेपद भट घराण्याला कायमचे बहाल झाले होते, की प्रत्येक पेशव्याची नेमणूक छत्रपती स्वतंत्रपणे करीत असत, आणि वारस कोणत्या नियमाने ठरत असे. माझ्या मते पद घराण्यात राहिले ते वहिवाटीने. परंतु साताऱ्याच्या छत्रपतींकडून वस्त्रे, म्हणजे नेमणुकीचा मानाचा पोशाख, मिळाल्याशिवाय कोणीही पेशवा झाला नाही. हक्क घराण्याचा आणि देणे छत्रपतींचे, ही जोडी लक्षात घेतल्याशिवाय या पदाचा इतिहास नीट कळत नाही.

पदाची वंशपरंपरा भटांपासून सुरू झाली, हा समज मात्र प्रथम दूर करायला हवा. १६७४ च्या राज्याभिषेकाच्या वेळी अष्टप्रधानांना संस्कृत नावे मिळाली, तेव्हा पेशव्यांना ‘मुख्य प्रधान’ म्हटले गेले आणि ते पद मोरोपंत पिंगळे यांच्याकडे होते. शिवाजी महाराजांचे धोरण प्रधानपद हे वतन, म्हणजे घराण्याचा वंशपरंपरागत हक्क, होऊ न देण्याचे होते. तरीही मोरोपंतांनंतर त्यांचे पुत्र नीळोपंत पेशवे झाले आणि पुढे शाहू महाराजांच्या पदरी पिंगळे घराण्यातीलच बहिरोपंत त्या पदावर होते. कान्होजी आंग्रे यांच्यावर चालून गेलेले बहिरोपंत कैद झाले, म्हणून नोव्हेंबर १७१३ मध्ये शाहू महाराजांनी बाळाजी विश्वनाथ भट यांना पेशवाईची वस्त्रे दिली. म्हणजे भटांकडे पद आले ते एका घराण्याकडून काढून, आणि काढण्याचा अधिकार छत्रपतींचाच होता.

एप्रिल १७२० मध्ये बाळाजी विश्वनाथ वारले आणि त्याच महिन्यात त्यांचे पुत्र बाजीराव यांना वस्त्रे मिळाली. बाजीरावांचे वय तेव्हा वीसही पूर्ण नव्हते, आणि छत्रपतींचे प्रतिनिधी श्रीपतराव यांच्यासारखे दरबारातील वजनदार लोक प्रतिकूल होते. हा केवळ भटांवरचा लोभ होता, असे मला वाटत नाही. प्रतिनिधिपद परशुरामपंतांनंतर त्यांचे पुत्र श्रीपतराव यांना मिळाले होते. सेनापती त्रिंबकराव दाभाडे १७३१ मध्ये डभईला खुद्द बाजीरावांशी लढताना पडले, तरीही शाहू महाराजांनी सेनापतिपद त्यांचे बंधू यशवंतराव यांच्याकडेच ठेवले. चाकरी करणाऱ्याच्या घराला उघडे पडू द्यायचे नाही, ही त्या राजाची रीत होती, आणि पेशवाई वंशपरंपरागत होण्याचे मूळ मी तिच्यातच पाहतो. १७४० मध्ये बाजीराव वारल्यावर रघूजी भोसले यांनी बाबूजी नाईक बारामतीकरांचे नाव पुढे केले होते; म्हणजे घराण्याबाहेरच्या माणसाचा विचार तोपर्यंत अशक्य मानला जात नव्हता. महाराजांनी मात्र वस्त्रे बाजीरावांचे पुत्र नानासाहेब यांनाच दिली.

शाहू महाराज डिसेंबर १७४९ मध्ये निवर्तले आणि त्यानंतरच्या वर्षी सांगोल्याच्या कराराने राज्याचा सर्व कारभार पेशव्यांच्या हाती आला. येथून पुढे वस्त्रे नाकारण्याचे बळ साताऱ्याकडे उरले नाही, पण ती मागण्याची गरजही कधी सरली नाही. पेशव्यांच्या शिक्क्यात आधी छत्रपतींचे नाव, मग ‘नरपति हर्षनिधान’ आणि त्यानंतर पेशव्याचे नाव येते. हा क्रम त्यांनी कधी उलटा केला नाही.

वारसाचा लेखी नियम कोठेही नव्हता. प्रसंगांवरून तो ओळखावा लागतो. पानिपतावर नानासाहेबांचे थोरले पुत्र विश्वासराव पडले आणि जून १७६१ मध्ये नानासाहेब वारले, तेव्हा अनुभवी भाऊ रघुनाथराव हयात असूनही सोळा वर्षांच्या माधवरावांना वस्त्रे मिळाली. भावाआधी पुत्र, हे तेथे ठरले. माधवराव १७७२ मध्ये निपुत्रिक वारले, तेव्हा धाकटे भाऊ नारायणराव आले. पुत्र नसल्यास सख्खा भाऊ, हे त्यावरून दिसते. १७७३ च्या ऑगस्टमध्ये नारायणरावांचा खून झाला. ज्यांच्यावर त्याचा ठपका आला त्या रघुनाथरावांनीही साताऱ्याहून वस्त्रे आणवली, आणि पुढच्या वर्षी बारभाईंनी, म्हणजे रघुनाथरावांविरुद्ध एकत्र आलेल्या कारभाऱ्यांनी, पुरंदरावर जन्मलेल्या नारायणरावांच्या पुत्रासाठी, सवाई माधवरावांसाठी, तो अवघा चाळीस दिवसांचा असताना, तीच वस्त्रे मिळवली. तान्ह्या मुलाला वस्त्रे मिळतात, याचा अर्थ पद आता कर्तृत्वाचे न राहता रक्ताचे झाले होते. मोरोपंतांपासून एका शतकात झालेला हा बदल मला फार मोठा आणि राज्याला घातक वाटतो.

सवाई माधवराव १७९५ मध्ये निपुत्रिक वारले आणि ही वहिवाट तुटण्याइतकी ताणली गेली. रघुनाथरावांचे थोरले पुत्र बाजीराव नाना फडणीसांना नको होते, म्हणून त्यांचे धाकटे भाऊ चिमाजी अप्पा यांना सवाई माधवरावांच्या पत्नी यशोदाबाईंच्या मांडीवर दत्तक देऊन १७९६ मध्ये पेशवे केले गेले. नात्याने चिमाजी अप्पा हे सवाई माधवरावांचे चुलते लागत होते. चुलत्याला पुत्र मानणारे हे दत्तविधान टिकले नाही, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस बाजीराव पेशवे झाले.

जून १८१८ मध्ये बाजीराव इंग्रज अधिकारी माल्कमच्या स्वाधीन झाले आणि वर्षाला आठ लाख रुपयांच्या नेमणुकीवर बिठूरला गेले. १८५१ मध्ये ते वारल्यावर ही नेमणूक त्यांच्यापुरतीच होती, असे सांगून इंग्रजांनी ती दत्तकपुत्र नानासाहेबांना नाकारली. १८५७ मध्ये नानासाहेबांनी स्वतःला पेशवे म्हणून जाहीर केले, पण या वेळी वस्त्रे आणायला माणूस पाठवण्याजोगे ठिकाणच उरले नव्हते. छत्रपती शहाजी राजांनी अखेरच्या घटकेला घेतलेला दत्तक नामंजूर करून इंग्रज गव्हर्नर जनरल डलहौसीने सातारचे राज्य त्याआधीच खालसा केले होते.